वीस हजार घरांचे मिस्टर टिबेट्स

हर्शल ग्लिकमन अंगणातल्या लिंबाच्या झाडाखाली मांडीवर टाइपरायटर घेऊन सकाळपासून एकाच वाक्याशी झोंबत होता. वाक्य मोटार शिकवणाऱ्या एका माणसाच्या तोंडचं होतं आणि ते ऐकून लोकांनी हसायचं होतं. लोक म्हणजे सगळी अमेरिका. आत्तापर्यंत फक्त त्याची बायको फ्रीडा हसली होती, तीही "हसले हं" असं तोंडाने सांगून.

"ग्लिकमन!" कुंपणापलीकडून हाक आली. "तुम्ही टीव्हीच्या धंद्यात आहात ना?"

हा प्रश्न हर्शलला अलीकडे आवडेनासा झाला होता. आपण धंद्यात आहोत की नाही, हे चॅनेलवाले दर सोमवारी नव्याने ठरवत. ‘ब्रेक मार, बर्नी!’ या मालिकेचा तो लेखकही होता आणि निर्माताही, म्हणजे मालिका पडली तर दोष देण्यासाठी दुसरा माणूस शोधायची सोय नव्हती. मालिका चौसष्ट कार्यक्रमांत एकसष्टावी होती. तिच्या खाली तीन कार्यक्रम होते, आणि त्यांतलं एक राष्ट्राध्यक्षांचं भाषण होतं.

कुंपणाशी मिस्टर ऑर्व्हिल टिबेट्स उभे होते. वय बहात्तर, पाठ ताठ, भांग पट्टी लावून पाडलेला. उभं आयुष्य त्यांनी वजनमाप खात्यात निरीक्षक म्हणून काढलं होतं. काटा दोन औंस चुकला म्हणून त्यांनी सख्ख्या मेव्हण्याच्या मटणाच्या दुकानाला टाळं ठोकलं होतं. मेव्हणा पुढे अकरा वर्षं बोलला नाही, आणि टिबेट्स यांच्या मते ती अकरा वर्षं फार निवांत गेली. तीन वर्षांपूर्वी त्यांची पत्नी लव्हॉन वारली. तेव्हापासून घरात ते एकटेच, आणि बाहेर त्यांची डेलियाची झाडं, तीही एका उंचीची.

"हे पाकीट आलंय," ते म्हणाले. "आत एक वही आहे आणि अर्ध्या डॉलरचं नाणं. नाणं मी परत पाठवणार. पण ही वही कसली?"

हर्शलने वही पाहिली आणि ताडकन उठला. टाइपरायटर मांडीवरून त्याच्या पायावर पडला, पण बोंब ठोकायचंही त्याला सुचलं नाही. बावीस वर्षं तो या धंद्यात होता. देव आहे असं तो मानत आला होता, पण ही वही असते यावर त्याचा पुरता विश्वास नव्हता. कोणता कार्यक्रम किती लोक बघतात हे मोजणारी एक कंपनी होती. ती देशातली मूठभर घरं निवडायची, त्या घरांनी आठवडाभर काय बघितलं ते वहीत लिहायचं, आणि त्या आकड्यांवर हर्शलसारख्यांची घरं चालायची किंवा बसायची. असं निवडलेलं घर प्रत्यक्ष पाहिलेला माणूस त्याच्या ओळखीत एकही नव्हता. एक वही म्हणजे, जाणकार सांगत, वीस हजार घरं.

आणि ती वीस हजार घरं सपाता घालून कुंपणाशी उभी होती.

"पहिल्या पानावर विचारलंय," टिबेट्स वाचू लागले, "‘या घरात कोणी टीव्हीच्या धंद्यात आहे का?’ या घरात नाही. शेजारच्या घराबद्दल विचारलेलं नाही. दुसरं पान. ‘काय बघावं याबाबत इतरांचा प्रभाव पडू देऊ नये.’ तेव्हा ग्लिकमन, तुम्ही मला काही सांगू नका."

"मी? मी कशाला काय सांगतोय?"

"काय सांगायचं नाही, तेही सांगू नका," टिबेट्स म्हणाले आणि डेलियाला पाणी घालायला गेले.

हर्शल लंगडत स्वयंपाकघरात आला. "फ्रीडा, आपल्या शेजारी वीस हजार घरं राहतात."

"मग त्यांना सांग, पालापाचोळा आपल्या बाजूला लोटू नका म्हणावं."

त्याने सगळं सांगितलं. त्याच दुपारी चॅनेलच्या किपचा फोन आला. किप अठ्ठावीस वर्षांचा होता आणि विनोदी मालिकांचा प्रमुख होता. त्याला हसताना कोणी पाहिलं नव्हतं. त्याने गोड आवाजात सांगितलं, की हर्श, तू आम्हांला सगळ्यांना फार आवडतोस, पण या मोजणीच्या आठवड्यात आकडा हलला नाही तर बर्नीची मोटार कायमची गॅरेजात जाईल. एकावन्नाव्या वर्षी मालिका पडलेल्या विनोदी लेखकाला टीव्हीवाल्यांच्या त्या गावात पुन्हा कोणी जेवायला बोलावत नसे, मग काम देणं दूरच. फोन ठेवून हर्शलने खिडकीतून शेजारी पाहिलं. वीस हजार घरं नळी गुंडाळत होती.

वही गुरुवारी सुरू होऊन पुढच्या बुधवारी संपणार होती, म्हणजे तिच्यात मंगळवार एकच. मंगळवारी साडेआठला बर्नी लागायचा. टिबेट्स यांनी त्या अर्ध्या तासात टीव्ही लावायचा, योग्य चॅनेल लावायचा आणि वहीत तसं लिहायचं, एवढंच काम होतं. पण त्यांना तसं सांगणं म्हणजे लबाडी, आणि या माणसाशी लबाडी करणं म्हणजे मेव्हण्याच्या वाटेने जाणं. हर्शलने ठरवलं, सांगायचं काही नाही, फक्त शेजारधर्म पाळायचा. इतकी वर्षं पाळला नव्हता, तेव्हा साठलेलाही बराच होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो कॉफीचं निमित्त करून गेला. बोलता बोलता कळलं, की टिबेट्स यांच्याकडे तो चॅनेल नीट दिसतच नाही. "दिसतो तेव्हा एका माणसाचे तीन दिसतात," ते म्हणाले. "मी एकदा तुमचा तो बर्नी पाहिला. तिघांनीही आरशात न बघता मोटार सुरू केली. मग मी बंद केला."

"छपरावरचा अँटेना फिरला असेल," हर्शल शक्य तितक्या निष्काळजी आवाजात म्हणाला. "मी चढून बघतो. शेजारी कशासाठी असतात?"

"ही चौकशी मीही गेली बारा वर्षं करतोय," टिबेट्स म्हणाले आणि शिडी आणायला गेले.

माणूस छपरावर चढला की सगळ्या आळीला कळतं. समोरच्या मिसेस साल्दान्या पीठ मळायचं सोडून फुटपाथवर आल्या. त्यांचे कैलासवासी यजमान टेलिफोन खात्यात होते, त्यामुळे तारेच्या कुठल्याही कामात आपल्याला अधिकार आहे असं त्या समजत.

"डावीकडे घ्या! डावीकडे!" त्या खालून ओरडल्या.

"घेतला!"

"अहो, तुमच्या नव्हे, माझ्या डावीकडे! आता जरा मागे सरका म्हणजे मला दिसेल!"

हर्शल मागे सरकला. मागे पडवीवरचे हिरवे प्लास्टिकचे पत्रे होते. पत्रे सव्वीस वर्षं उन्हात तापून पापडासारखे झाले होते आणि त्यांवर दूरचित्रवाणीचा निर्माता उभा राहील अशी अपेक्षा ते बसवणाऱ्याने केली नव्हती. हर्शल त्यांतून सरळ खाली आला आणि टिबेट्स यांच्या आरामखुर्चीत बसला. त्याला वाटलं, बसण्याची पद्धत तरी सभ्य होती.

"चित्र उत्तम दिसतंय!" आतून टिबेट्स यांचा आवाज आला. "एकाचा एकच!"

"मी म्हटलं नव्हतं, मागे सरका म्हणून?" मिसेस साल्दान्या म्हणाल्या.

हर्शल म्हणाला, नवे पत्रे मी आजच्या आज आणून ठोकतो. टिबेट्स म्हणाले, नगरपालिकेच्या परवानगीशिवाय या घराला खिळासुद्धा लागणार नाही. मग बुधवारी हर्शल, ज्याच्या सहीवाचून स्टुडिओतला दिवा लागत नसे, नगरपालिकेच्या व्हॅन नायज इथल्या कचेरीत चार नंबरच्या खिडकीसमोर रांगेत उभा राहिला. त्याच्या पुढे एक बाई कोंबड्यांचं खुराडं कायदेशीर करून घेत होत्या. त्या दीड तास खिडकीशी होत्या.

"पडवी मुळात परवानगीने बांधली होती का?" खिडकीतल्या माणसाने विचारलं.

हर्शलने टिबेट्स यांनी दिलेला एकावन्न सालचा कागद पुढे केला. शिक्का, सही, तारीख, सगळं होतं. त्या माणसाने तो कागद उजेडात धरला, सहकाऱ्याला दाखवला, आणि असा कागद आपण नोकरीत प्रथमच पाहतोय असं तो म्हणाला. मग त्याचा चेहरा पडला.

"यात पत्रे पांढरे लिहिलेत. पडले ते कुठले होते?"

"हिरवे."

"मग पांढरे पडल्याचा दाखला आणा, नाहीतर हिरव्यांचा वेगळा अर्ज करा. तो सहा नंबरच्या खिडकीवर. सहा नंबर गुरुवारी उघडते."

दोन दिवसांत तीन फेऱ्या झाल्या. तिकडे स्टुडिओत नटमंडळी निर्मात्याविना तालीम करत होती आणि ती पूर्वीपेक्षा बरी चालल्याचं कानावर येत होतं. हे हर्शलला पत्र्यांतून पडण्यापेक्षा जास्त लागलं.

पण पडल्याचा एक फायदा झाला होता. पडला त्याच मंगळवारी त्याच्या कोपराला आयोडीन लावताना टिबेट्स कधी नव्हे ते बोलले. लग्नाच्या दुसऱ्या वर्षी त्यांनी घरातला वजनकाटा तपासला होता. दोन औंस चूक निघाली. नियम तो नियम, म्हणून त्यांनी बायकोच्या काट्याला खात्याचं लाल लेबल डकवलं, ‘वापरास मनाई’. लव्हॉनने ते लेबल काही काढलं नाही आणि नवा काटाही घेतला नाही. पुढची एकोणचाळीस वर्षं तिने मुठीने मोजून केक केले.

"कसे व्हायचे?" हर्शलने विचारलं.

टिबेट्स आयोडीनच्या बाटलीचं बूच घट्ट लावत राहिले. "सरस," ते अखेर म्हणाले. "मी तसं तिला कधी बोललो नाही. तपासणी चालू असताना निरीक्षकाने मत द्यायचं नसतं."

हर्शल घरी आला तो सरळ टाइपरायटरकडे. मालिकेचं काम इतकं मागे पडलं होतं, की शुक्रवारी चित्रित झालेला भाग पुढच्याच मंगळवारी दाखवावा लागे. त्याने त्या आठवड्याचा अख्खा भाग फाडला. नव्या भागात बर्नीच्या मोटार शाळेवर वजनमाप निरीक्षक येतो, कारण बर्नीची बायको तिथेच मागच्या खोलीत केक करून विकते. निरीक्षक तिच्या प्रेमात पडतो आणि तिच्या काट्याला लाल लेबल लावतो. बर्नीसुद्धा प्रत्येक वेळी आरशात बघून मोटार सुरू करतो.

किपने कागद वाचला. "वजनमापं?" तो म्हणाला. "हर्श, तरुण प्रेक्षकाला वजनमापांत रस नसतो. निरीक्षक मुलगी करता येईल का? समुद्रावरची?"

"समुद्रावर काटे कोण तपासतं?"

"हे तू ठरव. लेखक तू आहेस."

हर्शल म्हणाला, निरीक्षक बहात्तर वर्षांचाच राहील. आयुष्यात चॅनेलला तो प्रथमच नाही म्हणत होता, आणि त्यामागे बाणेदारपणा किती नि वीस हजार घरं किती, हे त्याचं त्यालाही सांगता आलं नसतं. शुक्रवारी रात्री तीनशे प्रेक्षकांसमोर भाग झाला. लाल लेबल लागलं तेव्हा ते इतके हसले, की म्हाताऱ्या नटाला वाक्य विसरल्याचं लपवता आलं.

फ्रीडा मात्र घरी येताना गाडीत गप्प होती.

"काय झालं? चांगला झाला ना?"

"चांगला झाला. बायकोचा काटा त्यांचा, केक त्यांचे. तू विचारलंस त्यांना?"

"विचारलं तर प्रभाव पडतो! नियम आहे!"

"आणि न विचारता उचललं तर पडत नाही?"

हर्शलने रेडिओ लावला. पुढचे चार दिवस वाईट गेले. मालिका पडायची भीती होतीच. आता तो माणूस आपल्या मेलेल्या बायकोवर सगळा देश हसताना बघेल ही भीती तिच्या मानगुटीवर येऊन बसली. त्यातही खंत ही, की बघितलं नाही तरी पंचाईत, बघितलं तरी पंचाईत. तरीही वाटेत जो भेटेल त्याला, दूधवाल्यापासून मिसेस साल्दान्यांपर्यंत, तो सांगत सुटला, "मंगळवारी चुकवू नका हं. आपल्या आळीतलंच कोणीतरी दिसेल." टिबेट्स यांच्या कानावर हे आळीतून आपोआप जाईल आणि आपले हात स्वच्छ राहतील, असा त्याचा हिशेब होता.

मंगळवारी सव्वाआठला त्याने पडदा बाजूला करून पाहिलं. टिबेट्स यांच्या खिडकीत टीव्हीचा निळा उजेड होता. खुर्ची, दिवा, मांडीवर वही, हातात टोक केलेली पेन्सिल. हर्शलचे डोळे भरून आले.

तेवढ्यात दाराची घंटा वाजली.

दारात मिसेस साल्दान्या होत्या. हातात तमालेंचं, म्हणजे मक्याच्या पानांत वाफवलेल्या सारणाच्या वड्यांचं पातेलं, पाठीमागे त्यांच्या दोन्ही लेकी, एक जावई आणि जवळजवळ सगळी आळी.

"चला, सरका," त्या म्हणाल्या. "पातेलं गरम आहे."

"हे काय?"

"अहो, तुम्हीच म्हणालात ना चुकवू नका म्हणून? मग कुठे बघायचा? तुमच्याकडेच! तुमचा टीव्ही केवढा, रंगीत! आणि एकेकट्याने कसलं हसायचं? थांबा, एक जण राहिलाय. बिचारा एकटाच बसलाय तिकडे."

"त्यांना बसू द्या!" हर्शल किंचाळला. "त्यांना एकटं आवडतं! त्यांचं चित्र बघा किती स्वच्छ येतं, मी स्वतः अँटेना–"

पण मिसेस साल्दान्या कुंपण ओलांडण्यात पटाईत होत्या. दोन मिनिटांत शेजारचा निळा उजेड विझला, दाराला कुलूप लागल्याचा आवाज झाला, आणि टाय लावून मिस्टर टिबेट्स हर्शलच्या दिवाणखान्यात आले. वीस हजार घरांत अंधार झाला.

"वही घेऊन टीव्हीसमोर बसले होते, बघा!" मिसेस साल्दान्या विजयाने म्हणाल्या. "म्हटलं, बंद करा ते. माणसांत या जरा."

"आपण सगळेच यांच्याकडे जाऊ या!" हर्शल म्हणाला. "सगळे! आत्ता! पातेलं मी उचलतो!"

"का?" टिबेट्स यांनी विचारलं.

त्या ‘का’चं उत्तर हर्शलच्या जिभेवर होतं आणि ते तिथून हलवता येत नव्हतं. खरं बोललं तर प्रभाव पडतो. त्याने फ्रीडाकडे पाहिलं. फ्रीडा बशा मोजत होती. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच, असं मनाशी म्हणत तो पातेल्याशेजारी जमिनीवर बसला. घरात खुर्ची शिल्लक नव्हती.

साडेआठ वाजले. बर्नीने आरशात पाहून मोटार सुरू केली. टिबेट्स यांनी मान डोलावली. लोक हसत होते, तमाले खात होते, एकमेकांना गप्प बसा म्हणत होते. मग निरीक्षक आला. त्याचा भांग पट्टीने पाडलेला होता. दिवाणखान्यात हळूहळू सगळ्यांच्या माना एका खुर्चीकडे वळू लागल्या. पडद्यावर त्याने काट्यात वजन टाकलं, चष्मा लावला, वजन काढलं, पुन्हा टाकलं, आणि फार दुःखी चेहऱ्याने खिशातून लाल लेबल काढलं.

टीव्हीतले तीनशे लोक हसले. दिवाणखान्यात कोणीही हसलं नाही. हर्शल टिबेट्स यांच्याकडे बघत होता आणि आता जमीन फाटून आपल्याला पोटात घेईल तर बरं, असं त्याला अगदी मनापासून वाटत होतं.

टिबेट्स यांच्या घशातून कोरडा आवाज आला. बरेच दिवस न उघडलेल्या फाटकासारखा. मिसेस साल्दान्या पाणी आणायला धावल्या. पण तो ठसका नव्हता. ते हसत होते. खांदे हलत होते, टाय हलत होता, डोळ्यांतून पाणी गळत होतं, आणि ते गुडघ्यावर थापा मारत म्हणत होते, "लावलं! अहो, असंच लावलं होतं! ती अशीच बघत होती माझ्याकडे!" मग सगळी आळी हसायला लागली. पडद्यावरच्या बाईने मुठीने पीठ मोजलं तेव्हा ते एकदम थांबले.

भाग संपला. हर्शल जवळ गेला. "मिस्टर टिबेट्स, मी तुम्हांला विचारायला हवं होतं."

"हवं होतं," टिबेट्स म्हणाले. "चूक दोन औंसांची होती. तुम्ही तीन केलीत." त्यांनी चष्मा पुसला. "पण तो म्हातारा तिला शेवटी सांगतो ना, केक सरस आहे म्हणून. ते बरं केलंत."

आणि मग त्यांनी कोटाच्या खिशातून वही काढली. हर्शलने मान लांब केली. टिबेट्स यांनी खिशातूनच छोटी पट्टी काढली, मंगळवारच्या रकान्यावर ठेवली आणि एक सरळ रेघ ओढली.

"काय लिहिलंत?"

"साडेआठ ते नऊ. टीव्ही बंद."

"पण तुम्ही बघितलंत! हसलात! पंधरा साक्षीदार आहेत!"

"माझ्या घरातला टीव्ही बंद होता. वही माझ्या घरातल्या टीव्हीची आहे. तुमच्या घरातला धरता येत नाही, तुम्ही धंद्यात आहात. पान एक." मग त्यांनी शेवटचं पान उघडलं, शेऱ्याचं, आणि तिथे बारीक अक्षरात लिहून हर्शलसमोर धरलं. ‘मंगळवारी शेजारी होतो. बऱ्याच वर्षांनी हसलो. हे कुठल्या रकान्यात घालायचं ते कळवावं.’

कंपनीने काही कळवलं नाही. पंधरा दिवसांनी किपने कळवलं. आवाज नेहमीपेक्षाही गोड होता, त्यामुळे पहिल्या वाक्यातच हर्शलला समजलं, की मालिका बंद झाली. मालिका बासष्टावी आली होती. या वेळी भाषणसुद्धा पुढे गेलं होतं.

त्या संध्याकाळी हर्शल लिंबाखाली टाइपरायटरसमोर नुसताच बसला होता. फ्रीडाने दोनदा कॉफी आणून दिली आणि दोनदा गार झालेली परत नेली. कुंपणाचं फाटक वाजलं. टिबेट्स आले. पडवीवर नवे पत्रे लागले होते, पांढरे, कागदाप्रमाणे. ते टाइपरायटरभोवती एक फेरी मारून आले, खाली वाकून बघितलं, एक बटण दाबून पाहिलं.

"काय करताय?"

"तपासतोय."

त्यांनी पाकिटातून एक हिरवं लेबल काढलं, मागे ओलं केलं आणि टाइपरायटरच्या कपाळावर दाबून बसवलं. काटा बरोबर निघाला की त्यांचं खातं ते लावत असे. ‘तपासले. बरोबर आहे.’ वरचं खात्याचं नाव कात्रीने नीट कापलेलं होतं, कारण निवृत्त माणसाला ते वापरायचा अधिकार नाही, असं त्यांनी सांगितलं. खाली पेन्सिलीने मुदत लिहिली होती.

"एक वर्षाची आहे," ते म्हणाले. "पुढच्या नोव्हेंबरात पुन्हा तपासायला येईन. तोवर वापरात ठेवा. पडून राहिला की काटा बिघडतो."

ते गेले. बावीस वर्षांत चॅनेलने हर्शलला कधीही तेरा आठवड्यांपेक्षा जास्त मुदत दिली नव्हती.

त्याने कोरा कागद चढवला.